चेंबरमध्ये उतरलेला दुसरा माणूस

२६ नोव्हेंबर म्हटले की आपल्याला गिरगाव चौपाटीवरची नाकाबंदी आठवते. २००८ सालच्या त्या रात्री सहायक उपनिरीक्षक तुकाराम ओंबळे हातात फक्त लाठी घेऊन अडवलेल्या स्कोडा गाडीपाशी गेले. कसाबच्या एके-४७ ची नळी त्यांनी धरली आणि अंगात गोळ्या शिरत असतानाही सोडली नाही. कसाब जिवंत हाती लागला तो त्या पकडीमुळे. ओंबळ्यांना मरणोत्तर अशोकचक्र मिळाले, चौपाटीवर पुतळा उभा राहिला, ठाणे-कल्याण भागात सापडलेल्या कोळ्याच्या एका नव्या जातीला संशोधकांनी त्यांचे नाव दिले (पुतळ्यापेक्षा मला हे स्मारक जास्त आवडते). त्या रात्रीला बरोबर सात वर्षे झाली त्या दिवशी, २६ नोव्हेंबर २०१५ ला, केरळातल्या कोळिकोड शहरात नौशाद नावाचा रिक्षाचालक रस्त्याकडेला चहा पीत होता. जवळच्या मॅनहोलमध्ये उतरलेले आंध्रातले दोन कामगार गुदमरत असल्याची आरडाओरड झाली. नौशादचा त्या कामाशी संबंध नव्हता, त्या माणसांशी ओळख नव्हती, त्यांची भाषाही त्याची नव्हती. तो खाली उतरला. तिघेही मेले. केरळात त्याचे नाव लोकांना माहीत आहे. महाराष्ट्रात किती जणांना असेल?

या दोघांची नावे एकाच तारखेशी जोडली गेली हा योगायोग. पण त्यांना तराजूच्या दोन पारड्यांत घालून भांडणे हा आपला आवडता उद्योग झाला आहे. घरोघर फिरणाऱ्या आरोग्यसेविका, म्हणजे आशाताई, मानधनासाठी संपावर बसल्या, एसटीचे कामगार बसले, नोटाबंदीत बँकेबाहेर कुणी कुरकुरले, की कुणीतरी म्हणतेच: तिकडे सीमेवर जवान उणे तापमानात उभा आहे आणि तुम्हाला एवढेही सोसत नाही? लगेच समोरून उत्तर येते: जवानाला पगार आहे, पेन्शन आहे, कँटीन आहे, खरा शहीद तो गटारात मरणारा, त्याला कोण सलामी देतो? मग टाळ्या, मग शिव्या. या वादात पहिल्या बाजूला सैनिकाबद्दल आदर आहे असे वाटते आणि दुसऱ्या बाजूला कामगाराबद्दल कणव आहे असे वाटते. मला दोन्हीकडे मेलेल्या माणसाचा दगडासारखा वापर दिसतो. एकाने जवान फेकून मारायचा, दुसऱ्याने सफाई कामगार.

माझे म्हणणे आधीच सांगून टाकतो. वीरपण गणवेशात नसते आणि धंद्यातही नसते; ते त्या घटकेला केलेल्या कृतीत असते. हा झाला सोपा भाग. अवघड भाग असा की जिथे कुणाला वीर व्हावे लागले, तिथे ती वेळ कुणी आणली याचा हिशेब आधी मागायला हवा. ‘त्याग’ आणि ‘बलिदान’ हे शब्द आपण बहुतेकदा तो हिशेब टाळण्यासाठी वापरतो. कामगाराच्या बाबतीत तर वापरतोच, सैनिकाच्या बाबतीतही वापरतो.

जवानाचे नाव घेणाऱ्यांचा सर्वांत भक्कम मुद्दा मला मान्य आहे. सैनिकाची नोकरी इतर नोकऱ्यांसारखी नाही. राज्यघटनेचे ३३ वे कलम संसदेला त्याचे मूलभूत हक्क आवळण्याची मुभा देते. त्याला संघटना काढता येत नाही, संप करता येत नाही, वर्तमानपत्रात तक्रार लिहिता येत नाही. १९५० च्या सैन्य अधिनियमानुसार शत्रूसमोर भ्याडपणा केला किंवा युद्धसेवेत पळून गेला तर शिक्षा मृत्युदंडापर्यंत जाऊ शकते. म्हणजे संकट आले की राजीनामा खिशातून काढायची सोय नाही. देशात दुसऱ्या कोणत्या नोकरीत असा करार आहे? मुख्य म्हणजे, गटार यंत्राने साफ करता येते, खांबावर चढण्याआधी वीज बंद करता येते, बोगद्याला आधार देता येतो. युद्ध मात्र सुरक्षित करता येत नाही. जो माणूस हे सगळे जाणून सही करतो त्याला समाजाने वेगळा मान दिला तर त्यात चूक काहीच नाही. दुसऱ्या बाजूचे जे विद्वान ‘पगार घेतो ना’ म्हणून हात झटकतात, त्यांनी एकदा सियाचीनच्या चौकीवर पगार म्हणजे काय असतो याचा विचार करावा. तिथे गोळीपेक्षा थंडीने आणि हिमकड्यांनी जास्त माणसे नेली आहेत.

पण मग याच मुद्द्याचे पुढचे पाऊल का टाकत नाही? सैनिकाला स्वतःसाठी बोलता येत नाही, याचा अर्थ त्याच्यासाठी बोलण्याची जबाबदारी आपल्यावर येते. आपण उलटे करतो. त्याच्या गप्प बसण्याचा उपयोग दुसऱ्यांना गप्प बसवायला करतो. आणि तो सैनिक निवृत्त होऊन, बोलायची मोकळीक मिळून, स्वतःचे देणे मागायला येतो तेव्हा? २०१५ च्या उन्हाळ्यात ‘समान पद, समान निवृत्तिवेतन’ या मागणीसाठी माजी सैनिक दिल्लीत जंतरमंतरवर बसले होते. १४ ऑगस्टला, म्हणजे लाल किल्ल्यावरच्या सोहळ्याच्या आदल्या दिवशी, पोलिसांनी त्यांना तिथून हटवायचा प्रयत्न केला. छातीवर पदके लावलेल्या म्हाताऱ्या माणसांशी झटापट झाली. ‘सीमेवर जवान उभा आहे’ म्हणणाऱ्यांपैकी किती जण त्या दिवशी जवानाशेजारी जाऊन उभे राहिले?

इतिहासात अजून मागे जाऊ. १८ नोव्हेंबर १९६२. चीनशी युद्ध सुरू असताना लडाखमधल्या चुशूलजवळ रेझांग ला खिंडीत मेजर शैतान सिंह यांच्या नेतृत्वाखाली १३ कुमाऊँची एक कंपनी, सुमारे १२० माणसे. मध्ये डोंगर असल्याने आपल्या तोफखान्याचा मारा तिथे पोचत नव्हता. हातात जुनी .३०३ रायफल, अंगावर त्या उंचीला न पुरणारे कपडे. शंभराहून जास्त जवान तिथेच पडले. वाचून आलेल्या मोजक्यांची हकिकत सुरुवातीला कुणी खरी मानायला तयार नव्हते. फेब्रुवारी १९६३ मध्ये बर्फात गोठलेले देह सापडले, आपापल्या मोर्च्यात, हत्यारावर हात असलेले, तेव्हा खात्री पटली. या माणसांच्या शौर्याबद्दल दुमत असूच शकत नाही. पण त्यांना त्या कपड्यांत आणि त्या रायफलींनिशी तिथे कुणी पाठवले, हा प्रश्न विचारला की अजूनही कुणीतरी म्हणते, शहिदांचा अपमान करू नका. अपमान कोण करते? शौर्याची गोष्ट इतकी झगझगीत सांगायची की तिच्या उजेडात अपुरे बूट दिसू नयेत, ही कारागिरी जुनी आहे.

नवी कारागिरीही आहे. जून २०२२ मध्ये अग्निपथ योजना आली. चार वर्षांची नोकरी, त्यानंतर चारांपैकी जास्तीत जास्त एकाला पुढे ठेवणार, बाकीच्यांना एकरकमी पैसे आणि रामराम. अग्निवीर लढताना गेला तर विम्याची आणि भरपाईची मोठी रक्कम मिळते, हे खरे आहे आणि सांगितले पाहिजे. पण नियमित सैनिकाच्या पत्नीला किंवा आईला मिळते तसे कुटुंब निवृत्तिवेतन त्याच्या घरच्यांना नाही. ऑक्टोबर २०२३ मध्ये सियाचीनवर कर्तव्य बजावताना गेलेला पहिला अग्निवीर आपल्या बुलढाणा जिल्ह्यातला होता. योजना योग्य की अयोग्य यावर संरक्षणतज्ज्ञांनी खुशाल वाद घालावा. मला एवढेच दिसते की ‘कंत्राटी’ हा शब्द गटारापासून निघून बराकीपर्यंत पोचला, आणि आपण मात्र सैनिक मोठा की कामगार मोठा यावरच भांडत होतो.

आता गटाराकडे येतो, कारण दुसऱ्या बाजूचा सगळा युक्तिवाद तिथे उभा आहे आणि तिथेच तो घसरतो. चेंबरमध्ये माणूस मरतो तो बुडून क्वचित, बहुतेकदा वायूने. साचलेल्या मैल्यात हायड्रोजन सल्फाइड तयार होतो. थोडा असेल तर सडक्या अंड्यासारखा वास येतो. जास्त झाला की नाकाची वास घेण्याची शक्तीच बधिर होते. म्हणजे ज्या क्षणी धोका सर्वांत मोठा, त्या क्षणी वास येईनासा होतो आणि उतरणाऱ्याला वाटते, हवा बरी आहे. दोनचार श्वासांत माणूस कोसळतो. वर दोरी धरून उभा असलेला हाक मारतो, उत्तर येत नाही, आणि तो काही न बांधता, काही न लावता खाली उडी घेतो. मग तिसरा. सेप्टिक टँकच्या बातम्या नीट वाचा: मेलेल्यांचा आकडा दोन किंवा तीन असतो आणि त्यातला एकच सफाईसाठी उतरलेला असतो. बाकीचे त्याला काढायला गेलेले असतात. भाऊ, मेहुणा, सोबती, कधी सोसायटीचा वॉचमन, कधी चहा पीत बसलेला रिक्षावाला.

सफाईसाठी उतरवलेला पहिला माणूस आणि त्याला काढायला स्वतःहून उतरलेला दुसरा, या दोन मरणांत मी फरक करतो, आणि माझ्या मित्रांना तो निर्दयी वाटतो. पहिला माणूस हुतात्मा नाही. त्याचा कुणीतरी जीव घेतला आहे. सर्वांनाच हुतात्मा म्हणण्यामागचा हेतू चांगला असेल. ज्याला जगताना कुणी शिवले नाही त्याला मेल्यावर तरी मोठा शब्द द्यावा, हे मला कळते. पण हुतात्मा म्हणजे ज्याने स्वतःची आहुती दिली तो. याने दिली नाही. ठेकेदाराने पाचशे रुपये वाचवायला त्याला टाकले. ‘बलिदान’ म्हटले की कर्ता बदलतो. मारणारा वाक्यातून निघून जातो आणि मेलेला स्वतःच्या मरणाचा कर्ता होऊन बसतो. सोसायटीचा सेक्रेटरी, मुकादम, ठेकेदार, पालिकेचा अभियंता सगळे हार घेऊन उभे राहायला मोकळे. उतरलेल्याला वीर म्हटले की उतरवणाऱ्याला आरोपी म्हणायचे राहून जाते.

सरकार तर शब्दांच्या बाबतीत आपल्यापेक्षा कितीतरी सावध आहे. हाताने मैला साफ करण्यावर बंदी घालणारा पहिला कायदा १९९३ चा, दुसरा २०१३ चा. दुसऱ्या कायद्यात संरक्षक साधनांशिवाय गटारात माणूस उतरवणे हाही गुन्हा आहे. पहिल्या वेळच्या गुन्ह्याला दोन वर्षांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रत्येक मृत्यूमागे दहा लाख द्यायला सांगितले, ऑक्टोबर २०२३ मध्ये ते तीस लाख केले. मध्ये २०१९ साली याच न्यायालयाने विचारले होते की जगात कुठे माणसांना असे वायुकोठडीत मरायला पाठवतात? जुलै २०२३ मध्ये लोकसभेत जे उत्तर दिले गेले त्यात आधीच्या साधारण साडेपाच वर्षांतल्या अशा मृत्यूंचा आकडा ३३९ होता. पण त्याच उत्तरांत अशीही मखलाशी असते की हे मृत्यू ‘हाताने मैला साफ करताना’ झालेले नाहीत, ते ‘गटारे आणि टाक्यांच्या धोकादायक सफाईत’ झालेले आहेत. म्हणजे ती प्रथा संपलीच! आणि गंमत बघा, याच सरकारच्या दफ्तरात ‘शहीद’ असाही अधिकृत शब्द नाही. संसदेत हे वेगवेगळ्या वेळी सांगून झाले आहे, आणि २०२२ मध्ये सैन्यानेही तो शब्द वापरू नका असे आपल्या कार्यालयांना कळवले. चौकाचौकांत फ्लेक्सवर शहीद, फायलीत ‘कॅज्युअल्टी’. फायल चुकते असे मी म्हणत नाही. फायलीला कळते की शब्दामागे देणे येते. आपल्याला ते कळत नाही, म्हणून आपण शब्द उधळतो.

इथे दुसरा रास्त आक्षेप येतो. सगळेच वीर ठरले तर वीर या शब्दाला उरले काय? अगदी बरोबर. करोनाच्या काळात आपण हा प्रयोग करून पाहिला. २२ मार्च २०२० ला थाळ्या वाजवल्या, ३ मे रोजी हेलिकॉप्टरमधून रुग्णालयांवर फुले टाकली, आणि परिचारिकेपासून किराणा दुकानदारापर्यंत प्रत्येक जण ‘कोविड योद्धा’ झाला. योद्धा म्हटल्याचा एक फायदा असतो. योद्ध्याने तक्रार करायची नसते. घरोघरी जाऊन ताप मोजणाऱ्या, ऑक्सिजनची पातळी टिपणाऱ्या आशाताई जून २०२१ मध्ये महाराष्ट्रात संपावर गेल्या तेव्हा कालचे टाळ्या वाजवणारेच म्हणाले, महामारीत संप? शोभते का? त्यांच्या कामाचा मोबदला सरकारी भाषेत वेतन नाही, ‘मानधन’ आहे, कारण त्या सेविका आहेत, कर्मचारी नाहीत. मराठीत याहून सोयीस्कर शब्द क्वचितच कुणी घडवला असेल. धन कमी पडले की मान दाखवायचा आणि मान मागितला की धन दाखवायचे. मे २०२२ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने आशांना जागतिक पुरस्कार दिला. पुरस्कार खरा होता, कामही खरे होते. त्या महिन्यात त्यांच्या खात्यात जमा झाले ते मात्र मानधनच.

तेव्हा शब्द स्वस्त करू नका, या आक्षेपाशी माझे भांडण नाही. माझा प्रश्न असा की तो जपून वापरायचा तर कसोटी कोणती? काही जण म्हणतील, गणवेश. आपल्या पूर्वजांची कसोटी ही नव्हती, हे आपल्याच गावाच्या वेशीवर दगडात कोरलेले आहे. महाराष्ट्रात गावोगावी वीरगळ आहेत. मंदिराच्या आवारात, पाराखाली, कधी धुणे धुण्याच्या जागी पालथे पडलेले. खालच्या चौकटीत लढाई, त्यावर वीराला नेणाऱ्या अप्सरा, त्यावर शिवलिंगाची पूजा, माथ्यावर चंद्र आणि सूर्य. बोरिवलीजवळच्या एक्सरच्या वीरगळांवर तर जहाजांची आरमारी लढाई आहे. पण असंख्य वीरगळांच्या खालच्या चौकटीत ना राजा आहे ना सैन्य. आहेत ती गुरे. गावचे गोधन चोरून नेणाऱ्यांना अडवताना पडलेला कुणी गुराखी, कुणी शेतकरी. कुठे वाघाशी झुंजणारा माणूसही आहे. दगड कोरून घेणाऱ्या गावाने हा कुणाच्या फौजेत होता असे विचारले नाही. कुणासाठी आडवा गेला, एवढे पाहिले. चंद्रसूर्य त्याच्याही माथ्यावर तेच कोरले.

आणि मुळात सैनिक आणि कामगार ही जी भिंत आपण घालतो ती बराकीत कुणी मानत नाही. माझे आजोळ साताऱ्याकडचे. तिथे घरटी एक फौजी असतो आणि दिवाळीच्या फराळाला बसले की निम्म्या गप्पा रजेच्या आणि बदलीच्या असतात. एका निवृत्त सुभेदार आबांना लहानपणी मी विचारले होते, तुम्ही किती शत्रू मारले? आबा हसले. म्हणाले, “बाळा, नोकरीत मी जेवढी माती उपसली तेवढी तुझ्या आजानं शेतातबी उपसली नसंल. खंदक खणायचा, ओझं वाहायचं, बर्फ सारायचा. गोळी कवातरी.” तेव्हा मला फसवल्यासारखे वाटले. पुढे राम राघोबा राणे यांच्याबद्दल वाचले तेव्हा आबांचे म्हणणे समजले.

कारवारजवळच्या चेंडिया गावचे राणे बॉम्बे सॅपर्समध्ये, म्हणजे सैन्याच्या अभियंता दलात, सेकंड लेफ्टनंट होते. त्यांना परमवीरचक्र मिळाले ते रस्ता केल्याबद्दल. हो, रस्ता. ८ ते ११ एप्रिल १९४८, नौशेराहून राजौरीकडे जाणारी वाट. शत्रूने सुरुंग पेरलेले, झाडे आडवी पाडलेली, मोऱ्या उडवलेल्या. रणगाडे पुढे सरकायचे तर आधी वाट हवी. पहिल्याच दिवशी राणे जखमी झाले आणि तरीही वर तोफगोळे पडत असताना पुढचे तीन दिवस सुरुंग काढत, झाडे हटवत, मोऱ्यांना वळसे घालत राहिले. एका टप्प्यावर ते रणगाड्याच्या खाली राहून त्याच्याबरोबर सरपटत गेले आणि दोरी ओढून चालकाला थांब-चलचे इशारे देत राहिले. म्हणजे काम कोणते? गँगमनचे, मुकादमाचे, बिगाऱ्याचे. देशाच्या सर्वोच्च युद्धसन्मानाला ते काम पुरले. त्या पदकाची घडणही पाहण्यासारखी आहे. जन्माने युरोपीय आणि लग्नाने मराठी झालेल्या सावित्रीबाई खानोलकरांनी त्यावर इंद्राचे वज्र घेतले. ते वज्र दधीचीच्या हाडांचे. दधीची योद्धा नव्हता, ऋषी होता.

कुणी म्हणेल, हे सगळे ठीक, पण शत्रूच्या गोळीसमोर उभे राहणे आणि आपले काम करत राहणे यांत फरक आहेच. आहे. राज्यव्यवस्थेलाही तो ठाऊक आहे, म्हणून तर परमवीरचक्र वेगळे आणि अशोकचक्र वेगळे. अशोकचक्र शत्रूशी समोरासमोर नसलेल्या शौर्यासाठी आहे आणि ते गणवेश नसलेल्यालाही मिळते. १३ डिसेंबर २००१ ला संसदेवर हल्ला झाला तेव्हा राज्यसभा सचिवालयाच्या सुरक्षा विभागातले दोन निःशस्त्र कर्मचारी, जगदीश प्रसाद यादव आणि मातबर सिंह नेगी, अतिरेक्यांच्या वाटेत आले. दोघांनाही मरणोत्तर अशोकचक्र दिले गेले. ओंबळ्यांच्याच रात्री सीएसटीवर विष्णू झेंडे हे रेल्वेचे उद्घोषक आपल्या केबिनमधून प्रवाशांना कोणत्या बाजूने बाहेर पडा ते ध्वनिक्षेपकावर सांगत राहिले, केबिनच्या दिशेने गोळ्या आल्या तरीही. कामा रुग्णालयात परिचारिका अंजली कुलथे यांनी वीस गरोदर बायकांना एका छोट्या खोलीत नेले, दारे लावली, दिवे घालवले. झेंड्यांकडे माइक होता, कुलथेंकडे किल्ल्या होत्या. शत्रूसमोर उभे राहण्याची नेमकी व्याख्या काय करायची ते त्या रात्री कुणी विचारत बसले नाही.

आपल्या राज्याचा जन्मही या भिंतीशी विसंगत आहे. हुतात्मा चौकातल्या शिल्पात मशाल हातात घेतलेले दोघे कोण आहेत? एक शेतकरी आणि एक कामगार. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात पडलेल्या १०५ (पुढे हा आकडा १०७ पर्यंत गेला) लोकांसाठी ते उभे आहे. त्याच मुंबईत १२ डिसेंबर १९३० ला परदेशी कापडाच्या ट्रकपुढे आडवा झालेला बाबू गेनू गिरणीत काम करणारा होता, आंबेगाव तालुक्यातल्या महाळुंगे पडवळचा. ट्रकपुढे आडवे व्हायचे त्याने स्वतः ठरवले होते. म्हणून तो हुतात्मा, आणि तो शब्द त्याला तंतोतंत लागू पडतो. उलट, १८६३ मध्ये बोरघाटातून रेल्वे सुरू झाली तेव्हा तिच्या कामात पटकीने, तापाने, सुरुंगांनी मेलेल्या हजारो मजुरांना हुतात्मा म्हणावे का? मी म्हणणार नाही. ते स्वतःहून आडवे गेले नव्हते. पण आज डेक्कन क्वीनमध्ये कटलेट खात त्यांच्यावरून जाताना त्यांच्यापैकी एकाचे तरी नाव आपल्याला सांगता येईल का? कोकण रेल्वेने निदान रत्नागिरीला बांधकामात गेलेल्यांसाठी श्रमशक्ती स्मारक उभारले. तिथे वीरत्वाचा दावा नाही. तुमच्या मरणावरून आमची गाडी जाते, एवढी कबुली आहे. मला ती पुरेशी वाटते आणि पुतळ्यापेक्षा जास्त प्रामाणिकही.

‘दुसऱ्या माणसा’ची अलीकडची सर्वांत मोठी गोष्ट उत्तराखंडची आहे. १२ नोव्हेंबर २०२३ ला सिलक्याराचा बोगदा कोसळून ४१ मजूर आत अडकले. परदेशी यंत्र ढिगाऱ्यातल्या लोखंडात अडकून मोडले. शेवटचा टप्पा हातांनी खणला तो अरुंद बिळांत घुसून खोदणाऱ्या मजुरांनी. कोळशासाठी असे खणण्यावर हरित लवादाने २०१४ मध्ये बंदी घातलेली. जे कौशल्य कायद्याने हद्दपार केले तेच सतराव्या दिवशी ४१ जीव बाहेर काढायला कामी आले. आठवडाभर ते देशाचे लाडके होते. तीन महिन्यांनी, फेब्रुवारी २०२४ च्या अखेरीस, त्यांच्यातल्या एकाचे दिल्लीतले घर प्रशासनाने अतिक्रमण म्हणून पाडले. अतिक्रमण होते की नव्हते, यावर वाद होऊ शकतो. पण माझा मुद्दा तेवढाच नाही. बोगदा बांधताना सुटकेची वाट का ठेवली नव्हती, हा प्रश्न त्या आठवड्यात टाळ्यांच्या आवाजात कुणाला ऐकू आला?

माझ्या कसोटीत एक भोक आहे, ते लपवत नाही. चेंबरमध्ये उतरणारा पहिला माणूस नेहमीच अजाण नसतो. कित्येकांना पक्के ठाऊक असते की आत काय आहे. आधीचा सोबती तिथेच गेलेला असतो. तरीही मुलीच्या शाळेची फी भरायची म्हणून ते उतरतात. जाणूनबुजून, दुसऱ्यासाठी, जिवावर उदार होऊन. मग हा त्याग का नव्हे? मला वाटते, आहे. पण तो शब्द उच्चारायचा हक्क त्याच्या मुलीला आहे, बायकोला आहे. ज्यांची टाकी त्या दिवशी रिकामी झाली त्यांना नाही. बायकोने म्हटले, “पोरीसाठी गेले हो,” तर खाली मान घालून ऐकावे. आणि मग विचारावे की तीस लाखांच्या अर्जाला शवविच्छेदनाचा अहवाल जोडला का, गुन्हा २०१३ च्या कायद्याखाली नोंदवला की नुसता अपघाती मृत्यू म्हणून, आणि साक्षीदार म्हणून सोसायटीतल्या कुणाची सही लागत असेल तर ती आपली चालेल का.